सातवी टोपली

१

नऊ नोव्हेंबर, गुरुवार. सकाळचे दहा वाजून चाळीस मिनिटं. चियायीच्या डोंगरात, तेराशे मीटर उंचीवर, लाय चिन-फा यांच्या चहाच्या कारखान्याची पुढची खोली. लांब लाकडी टेबल. टेबलाभोवती आम्ही सहा पर्यटक, समोर चहा ओतायला लाय शेठची म्हातारी आई, दाराशी गाइड पेइ-जू. खोलीत आठ माणसं होती. हे आधीच लिहून ठेवते, कारण पुढचं सगळं भांडण आकड्यांवरूनच आहे.

आमच्याकडे किटलीतला चहा थेट कपात ओतत नाहीत. आधी तो एका काचेच्या चंबूत काढायचा, म्हणजे वरचा पातळ आणि तळचा कडक एक होतो, आणि मग सगळ्यांना सारखा वाटायचा. त्या चंबूला न्यायाचं भांडं म्हणतात. म्हातारी पंचावन्न वर्षं हे काम करते आहे. पानं चिमटीने मोजते, पाणी नजरेने. माणसं सहा असली की तिचा चंबू सहाव्या कपावर रिकामा होतो; थेंब उरत नाही, थेंब कमी पडत नाही.

त्या दिवशी तो पाचव्या कपावर रिकामा झाला. सहावा कप माझा होता.

"अगंबाई," म्हातारी म्हणाली. चंबू उजेडाकडे धरून तिने तळ पाहिला. "असं कसं झालं?"

"पत्रकार दिसल्यावर चहासुद्धा पळतो!" वेइ मास्तर म्हणाले. ताइचुंगचे निवृत्त शिक्षक. बायकोला घेऊन आले होते. गाडीत बसल्यापासून प्रत्येक वळणावर त्यांचा एक विनोद ठरलेला होता.

"गप्प बसा हो," त्यांची बायको म्हणाली. "घ्या बाई, माझ्यातला घ्या."

मी नको म्हटलं. म्हातारीचा हात थरथरला असेल, एवढंच मनात आलं. नंतर तिच्या हाताकडे पाहिलं. तो दगडासारखा स्थिर होता.

२

मी चहा प्यायला आले नव्हते. 'एका दिवसात चहासंस्कृती, छोट्या गटासाठी' असल्या सहलींचा मला राग आहे. माहितीपत्रकावर लिहिलं होतं: 'चहा तोडणाऱ्या मावश्यांच्या हसऱ्या आयुष्याचा अनुभव घ्या.' त्या हसऱ्या मावश्यांच्या बातम्या मी चाळीस वर्षं केल्या आहेत. पहाटे चारला त्या सामानाच्या गाडीत फळ्या टाकून बसतात. दोन्ही हातांच्या तर्जनीला अर्ध्या ब्लेडचा तुकडा चिकटपट्टीने बांधून दिवसभर कोंब कापतात. कंबर सरळ करायला जेवणाच्या सुट्टीची वाट बघतात.

मला इथे ओढून आणलं होतं ल्येनने. ती माझ्या डावीकडे बसली होती. व्हिएतनामहून लग्न होऊन आली त्याला अठरा वर्षं झाली. नवरा चियायीत स्कूटर दुरुस्त करतो. तिची मोठी बहीण न्हान इकडच्या एका कारखान्यात कामाला आली होती. तिथे प्रेसखाली तिच्या उजव्या हाताची तर्जनी गेली. मालकाने अपघात नोंदवलाच नाही, उलट परत पाठवायची धमकी दिली. न्हान पळाली आणि डोंगरात चहा तोडायला लागली. अशा बायकांना कागद नसतात. म्हणूनच त्या ठेकेदारांना आवडतात.

अकरा वर्षांपूर्वी, वसंतातल्या तोडणीच्या वेळी, लायच्या मळ्याकडे येणारी बायकांची गाडी याच रस्त्यावर दरीत गेली. तालुका कचेरीने यादी दिली: चालक धरून सहा मृत. तिसऱ्या दिवशी मला ल्येनचा फोन आला. "माझी बहीण त्या गाडीत होती. तिला शोधा. तिच्या उजव्या हाताला एक बोट नाही, लगेच ओळखू येईल."

मी कचेरीला विचारलं. यादीत सहा. लायला विचारलं. तो फोनवर म्हणाला, "सहाच होते. सातवी कोणी मी पाहिलीच नाही," आणि तसं त्याने पोलिसांना लिहूनही दिलं. मी छापलं: सहा. बोटाबद्दल मी एक अक्षर लिहिलं नाही, दुसऱ्या कोणीही लिहिलं नाही. त्या पावसाळ्यात वादळ आलं आणि दरीची ती बाजू खचली; खाली शोधायला काही उरलं नाही. न्हानच्या सरकारी कागदावर आजही शेरा आहे: 'कामावरून पळाली. ठावठिकाणा नाही.'

"आई आता झोपूनच असते," सकाळी गाडीत ल्येन मला म्हणाली होती. "न्हानचा फोटो ती अजून देव्हाऱ्यात ठेवत नाही. जिवंत माणसाचा ठेवत नाहीत ना. रोज जेवताना तिचा भाताचा वाडगा मांडते. परवा फोनवर म्हणाली, मी मरायच्या आधी एवढं सांग, वाडगा मांडू का उदबत्ती लावू?"

"मग मी काय करू?"

"तुम्ही सहा लिहिलं होतं, चुआंगताई," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. तो असता तर बरं झालं असतं. "तुम्ही या. तो माणूस आता पर्यटकांना चहा पाजतो. त्याच्यासमोर बसा आणि विचारा."

३

दुसऱ्या चहाच्या वेळी मी जागा बदलली. मास्तरांना शेवटी बसवलं आणि मी पहिल्या खुर्चीवर गेले. म्हातारीने चिमूटभर पानं जास्त टाकली. मी नीट पाहिलं. पहिला कप माझा. तो काठापर्यंत भरला. सोनेरी चहा, वर वाफ.

मग तिने बाकीचे भरले. तिच्या हातावर माझी नजर होती. पाच कप भरले आणि चंबू रिकामा झाला. सगळं बरोबर आलं.

"झालं!" मास्तर म्हणाले. "सुटलात, बाई."

मी माझा कप उचलला. तो हलका होता. आत काही नव्हतं. तळाशी पातळ ओल, आणि चिनी माती अजून गरम. कोणीतरी पिऊन ठेवलेला कप असतो, तसा.

"तुम्ही प्यायलात की," मास्तरांची बायको म्हणाली.

"मी हातही लावला नव्हता."

"अहो, बोलण्याच्या नादात आपण पितो आणि विसरतो. आमच्या ह्यांचं रोजचं आहे."

भूत ही बातमी नसते. ज्याला उत्तर द्यायचं नसतं तो भूत पुढे करतो. या घाटात अपघात झाले की गाववाले म्हणतात, वळण वाईट आहे. वळण वाईट नसतं. ब्रेक वाईट असतात, आणि ते कोणी तपासलेले नसतात. म्हणून मी स्वतःला बजावलं: सहासष्ट वय, सकाळपासून उपाशी, रक्तदाबाची गोळी. तू प्यायलीस आणि विसरलीस.

पण तोंडात चहाची चव नव्हती.

म्हातारी माझ्या कपाकडे पाहत होती. तिने विचारलं, "तुमच्याबरोबर कोण आलंय?"

"ही ल्येन."

"ती दिसतेय मला," म्हातारी म्हणाली, आणि पाणी तापायला ठेवलं.

४

बारा वाजता लाय शेठ आला. साठीचा, गोरापान, हातात लाकडी मण्यांची माळ. मला त्याने ओळखलं नाही. फोनवरच्या आवाजांना चेहरे नसतात, आणि सहलीची नोंदणी ल्येनने तिच्या नवऱ्याच्या आडनावाने केली होती.

"या, या! आता तुम्हाला खऱ्या मावश्या करतो!" तो म्हणाला.

पेइ-जूने भिंतीवरच्या खुंट्यांवरून बांबूच्या टोकदार टोप्या काढल्या. एकेकीला टोपी, टोपीखालून बांधायचं फुलाफुलांचं फडकं, बाह्यांवर चढवायचे अभ्रे, कमरेला टोपली. उन्हापासून आणि किड्यांपासून वाचायला बायका तोंड असंच झाकतात. डोळे तेवढे बाहेर राहतात. मास्तरांनीही बांधलं. काओश्युंगच्या दोन नर्सा होत्या, त्या एकमेकींना ओळखू येईनात म्हणून खिदळत होत्या.

"ब्लेड?" मी विचारलं.

"छे हो मावशी," पेइ-जू म्हणाली. "विम्यात बसत नाही. नखांनी खुडायचं. एक कळी, दोन पानं. पुरे."

पर्यटकाच्या बोटाला विमा असतो. हे मी वहीत लिहिलं आणि पेन इतकं दाबलं की कागद फाटला.

टोप्या सहा दिल्या होत्या. मी मोजल्या. भिंतीवर सहाच खुंट्या होत्या, आणि आम्ही निघालो तेव्हा त्या सगळ्या रिकाम्या होत्या. पेइ-जूने टोपी घातली नव्हती. तिच्या डोक्यावर कंपनीची लाल कॅप होती.

५

उतारावर चहाच्या ओळी कमरेएवढ्या उंच होत्या. मी चार कोंब खुडले आणि सोडून दिलं. कंबर साथ देत नाही. ओळींच्या वरच्या टोकाला एका दगडावर बसले, तोंडावरचं फडकं सोडलं आणि रेकॉर्डर चालू केला. लायला काय काय विचारायचं ते पुटपुटून ठेवायचं होतं.

दुपारी दीडला धुकं वर चढलं. या उंचीवर ते रोजच येतं, त्याचं कौतुक कोणाला नाही. ओळी खालून एकेक करून नाहीशा होऊ लागल्या. टोप्यांचे शेंडे तेवढे तरंगत राहिले.

मग तो आवाज आला. टिक. टिक. टिक.

मी हा आवाज ओळखते. हिरवी काडी ब्लेडवर येते तेव्हा होणारा आवाज. पन्नास बायका तोडणी करत असल्या की पत्र्यावर बारीक पाऊस पडतो तसं ऐकू येतं. इथे एकच होती. वेग मात्र विलक्षण होता. एक ठोका, मग रिकामी जागा. एक ठोका, मग रिकामी जागा. दोन हातांनी तोडणाऱ्या बाईचा ठेका असा लंगडा नसतो.

मी टोप्या मोजल्या. माझी माझ्या डोक्यावर होती, तेव्हा खाली पाच दिसायला हव्या होत्या.

सहा होत्या.

पुन्हा मोजल्या. मास्तर उंच, ते कळत होते. त्यांच्याजवळ त्यांची बायको. नर्सा डावीकडे, अजून हसत होत्या. चार. सर्वांत खालच्या ओळीत ल्येन, तिचा निळा स्वेटर. पाच. आणि तिच्या शेजारी, तिच्याकडे तोंड करून वाकलेली, एक.

ती ल्येनला कोंब धरायला शिकवत होती. डावा हात पुढे आला, काडीखाली बोट गेलं, टिक. पान तिने ल्येनच्या तळहातावर ठेवलं. उजवा हात तिने पोटाशी दुमडून धरला होता. जुनं दुखणं असलेली माणसं धरतात तसा.

मी हाक मारली, "ल्येन!"

दोन्ही टोप्या वर झाल्या. फडक्याच्या वर डोळ्यांची जागा असते. ल्येनचे डोळे मला एवढ्या अंतरावरूनही दिसले. दुसऱ्या टोपीखाली फडकं होतं. त्याच्या वरही फडकंच होतं.

मग धुकं वरपर्यंत आलं.

६

खोलीत परत आलो तेव्हा सगळ्यांचे केस ओले झाले होते. पेइ-जूने टोप्या गोळा करून खुंट्यांवर लावल्या. सहा टोप्या, सहा खुंट्या. मला हायसं वाटलं, आणि त्या हायसं वाटण्याचाच संताप आला.

"खाली तुझ्याजवळ कोण होतं?" मी ल्येनला विचारलं.

ती फडक्याची गाठ सोडत होती. "म्हणजे?"

"तुला शिकवत होतं ते."

"असं काय करता, चुआंगताई? तुम्हीच तर होता. वरून कोणी हाक मारली तेव्हाही माझ्याजवळच होता." ती हसली. दिवसभरात पहिल्यांदा. "मला वाटलं, पत्रकार असून हात किती सराईत चालतोय बाईंचा."

मी खुंट्यांवरच्या टोप्या पुन्हा मोजल्या. सहाच होत्या.

तेवढ्यात लाय शेठ काटा घेऊन आला. सहलीचा शेवटचा खेळ: कोणी किती तोडलं ते टोपली काट्याला अडकवून मोजायचं आणि हरणाऱ्याची थट्टा करायची.

"गुरुजी, दीडशे ग्रॅम! आमच्या म्हातारीची कोंबडी यापेक्षा जास्त टोचते!"

"वर्गात पोरांना खुडत होतो तेव्हा हात बरा होता," मास्तर म्हणाले. नर्सा हसून हसून टेबलावर पडल्या.

एक, दोन, तीन, चार. माझी टोपली, चार कोंब, पुन्हा हशा. ल्येनची सहावी. पेइ-जूने वाकून सातवी उचलली. तिला ती दोन्ही हातांनी उचलावी लागली.

"ही कोणाची?"

काठोकाठ भरलेली, दाबून भरलेली टोपली. काटा साडेचार किलोवर गेला. नवख्या माणसाला दिवस उगवल्यापासून मावळेपर्यंत तोडूनही एवढं होत नाही. आम्ही मळ्यात सव्वा तास होतो.

"गड्यांपैकी कोणाची तरी आली असेल," पेइ-जू म्हणाली.

"आज गडी नाहीत," म्हातारी तिच्या जागेवरून म्हणाली. "आज तोडणी नाही."

लाय शेठ हसतच पुढे झाला. सवयीने त्याने टोपलीत हात घातला, मूठभर कोंब काढले आणि तळव्यावर पसरले. आमच्या टोपल्यांतल्या काड्या नखांनी चेंगरलेल्या, टोकाला लाल पडलेल्या होत्या. या काड्या स्वच्छ कापलेल्या होत्या. प्रत्येक काडीचा छेद तिरका, आणि प्रत्येकीचा एकाच बाजूला. लाय चाळीस वर्षं चहा करतो. पानावरून तोडणारीचा हात ओळखणं हा त्याचा धंदा आहे. त्याचे डोळे त्या छेदांवर फिरले आणि त्याचं तोंड त्याच्या परवानगीशिवाय बोललं.

"ही तर त्या तुटक्या बोटाची तोडणी."

हे कोणाला उद्देशून नव्हतं. स्वतःशीच, हलक्या आवाजात, काल पाहिलेल्या माणसाबद्दल बोलावं तसं.

ल्येनच्या हातातलं फडकं खाली पडलं.

"कोणाचं बोट?" तिने विचारलं.

लायने मूठ मिटली. "काय?"

"तुटक्या बोटाची म्हणालात. कोण?"

"मी कुठे म्हणालो? मी म्हणालो, तुटकी तोडणी. खराब माल आहे."

"खराब?" म्हातारी म्हणाली. "चिन-फा, डोळे फुटले का तुझे? असा माल आपल्याकडे अकरा वर्षांत आला नाही."

"आई, तू गप्प बस!"

मी उठले. "लाय शेठ, मी चुआंग पी-श्या. आपलं अकरा वर्षांपूर्वी फोनवर बोलणं झालं होतं. सातवी कोणी तुम्ही पाहिली नव्हती."

त्याचा चेहरा कसा झाला हे लिहिण्यात अर्थ नाही. चेहरा पुरावा नसतो. त्याने टोपली उचलली, मागच्या दाराने बाहेर गेला, आणि आम्हाला ती उतारावर फेकल्याचा आवाज आला. पानांना आवाज नसतो. टोपली मात्र बराच वेळ गडगडत होती.

७

पेइ-जू रडवेली झाली होती. "मावशी, कंपनीला काही लिहू नका हं. माझी नोकरी जाईल."

"तुझ्याबद्दल लिहिणार नाही, बाळ."

निघायच्या आधी शेवटचा चहा असतो. कोणाला प्यायची इच्छा नव्हती, पण म्हातारीने पाणी ओतलंच. तिने सहा कप मांडले. मग उठली, कपाटातून आणखी एक कप आणला, उकळत्या पाण्याने विसळला आणि माझ्या आणि ल्येनच्या मध्ये ठेवला. का, ते कोणी विचारलं नाही. मास्तरांनीसुद्धा नाही.

चंबू पहिल्या कपापासून सुरू झाला. सातव्या कपावर रिकामा झाला. थेंब उरला नाही, थेंब कमी पडला नाही. माझा कप भरलेला होता आणि भरलेलाच राहिला. मी प्यायले. चांगला चहा होता. त्याचाही मला राग आला.

मधल्या कपाकडे मी पाहिलं नाही. ल्येन पाहत होती. बराच वेळ. मग तिने स्वतःचा कप दोन्ही हातांत धरून थोडा झुकवला, थोरल्या माणसासमोर झुकवतात तसा.

परतीच्या गाडीत तिने आईला फोन लावला. त्यांची भाषा मला येत नाही. ती थोडंच बोलली. मग ल्येनने मला सांगितलं, "आई विचारतेय, तिथल्या कोणी साहेबाने सांगितलं का? कागद आहे का?"

"अजून नाही म्हणून सांग."

"मग ती आज वाडगाच मांडणार," ल्येन म्हणाली.

त्यानंतर मी रेकॉर्डिंगची प्रत चियायीच्या पोलिसांना, तालुका कचेरीला आणि कामगार खात्याला पाठवली. त्यात ब्लेडचा आवाज सत्तावीस मिनिटं आहे, आणि रेकॉर्डर बंद करायचा राहिला होता म्हणून खोलीतलं लायचं वाक्यही आहे. एका अधिकाऱ्याने फोनवर मला विचारलं, "बाई, भुताची तक्रार कुठल्या कलमाखाली नोंदवू?" मी त्याला सांगितलं की भुताबद्दल माझी तक्रार नाही. ती आवाजाची सत्तावीस मिनिटं त्याने हवी तर पुसून टाकावीत. टोपली सोडून द्या, टोप्या सोडून द्या, चहाही सोडून द्या. मी सहा छापलं होतं, ते चूक होतं. तेवढी दुरुस्ती माझ्या जुन्या वर्तमानपत्राकडे लिहून पाठवली आहे. तीही अजून छापून आलेली नाही.

माझा प्रश्न एका शब्दाचा आहे. तिचं बोट गेल्याचं कुठल्याही कागदावर नाही, कुठल्याही बातमीत नाही. सातवी कोणी आपण पाहिलीच नाही, असं लाय चिन-फा यांनी अकरा वर्षांपूर्वी सही करून लिहून दिलं. नऊ नोव्हेंबरला दुपारी दोन वाजून पन्नास मिनिटांनी, साक्षीदारांसमोर, त्यांना तिचा हात माहीत होता. कसा?

तीन पत्रं गेली, पोच तिन्हींची आली. लेखी उत्तर एकाचंही आलेलं नाही.